बिंदगीची पुढची तारीख

रेणुकादास लातूरला जुन्या नोंदींच्या खोलीत एकतीस वर्षं शिपाई होता, आणि त्या एकतीस वर्षांत त्याला कुणी कसलं मत म्हणून विचारलं नव्हतं. बस्ता काढ, बस्ता ठेव, धूळ झटक, चहा सांग, एवढीच सरकारची त्याच्याशी बोलचाल. पण माणूस मोठा हौशी. लाल फडक्यात बांधलेल्या त्या बस्त्यांमध्ये निजामाच्या काळातले उर्दू कागद होते आणि ते वाचणारा अख्ख्या कचेरीत एकच उरला होता, म्हातारा कारकून ख्वाजामियाँ. दुपारी साहेब लोक जेवायला गेले की रेणुकादास त्याच्यासमोर उकिडवा बसायचा. ख्वाजामियाँ त्याला सिगारेटच्या पाकिटाच्या आतल्या पांढऱ्या बाजूवर अक्षरं काढून द्यायचा. चौथ्या वर्षी रेणुकादास जमिनीच्या नोंदी वाचायला लागला, सातव्या वर्षी मुन्सफाच्या गिचमिड अक्षरातले निकाल. बायको चंद्रप्रभा म्हणायची, "पगार शिपायाचा अन् नाद मुन्सफाचा."

त्या खोलीचा एक नियम होता. आत जायचं तर चपला बाहेर. नव्या कारकुनाला वाटायचं, जुने कागद म्हणजे सरस्वती, म्हणून असेल. कुणी सांगायचं, एका साहेबाला इथं दृष्टान्त झाला होता. एकदा तपासणीला आलेल्या बड्या अधिकाऱ्यानं बूट काढून, हात जोडून आत पाऊल टाकलं आणि जाताना शेरा लिहिला, 'पावित्र्य राखलेले पाहून समाधान वाटले.' रेणुकादासला हसू आवरेना, कारण खरी गोष्ट त्याच्या डोळ्यांदेखत घडली होती. नोकरीच्या पहिल्याच वर्षी खोलीत शहाबादी फरशी बसवली, सिमेंट ओलं होतं, आणि ख्वाजामियाँ दारात आडवा उभा राहून ओरडला होता, "चपला बाहर, मियाँ, फर्शी गीली है!" फरशी दोन दिवसांत वाळली. नियम तीस वर्षं ओलाच राहिला.

ही गोष्ट रेणुकादास लग्नात सांगायचा, मर्तिकात सांगायचा, एसटीत शेजारच्या सीटवरच्या अनोळखी माणसाला सांगायचा. निवृत्त झाल्यावर तर त्याला ऊतच आला. त्यात मराठवाड्यात जातीच्या दाखल्यांसाठी जुन्या नोंदी हुडकायचा हंगाम आला. उर्दू वाचणारं माणूस शोधून सापडेना. आणि मग रेणुकादासच्या दोन खोल्यांच्या घरासमोर चपलांचा ढीग पडू लागला. कुणाचं खरेदीखत, कुणाची वाटणी, कुणाच्या पणज्याची अर्जी. तो चष्मा पुसून वाचून दाखवायचा आणि वर त्या कागदाची गोष्ट फुकट सांगायचा.

येळवशीला नऊ दिवस राहिले असताना उज्वला आली.

चाळिशीची बाई, कपाळ मोकळं, हात राबून राठ झालेले. लेक सृष्टी लातूरला शिकवणीसाठी खोली करून राहत होती, तिला भाकरी-चटणी पोचवायला ती गावाहून, सोनजवळग्याहून आली होती. पिशवीतून तिनं कागद मात्र काढला नाही.

"कागद न्हाई आणला, मामा. त्यो गावाच्या भाईर निघत न्हाई. देव हाय त्यो. तुमालाच यावं लागतंय."

"कागद देव?" रेणुकादास सावरून बसला. "सांग, सांग. चंद्रप्रभा, चहा टाक गं!"

लातूरकडे येळवस म्हणजे काय ते वेगळं सांगायला नको. मार्गशीर्षाची अमावस्या आली की बाजारपेठ ओस पडते आणि माणूस तेवढा रानात जातो. ज्वारी कमरेला लागलेली, हरभऱ्याला घाटे धरलेले. कडब्याची खोप करायची, आत पांडवांचे दगड मांडायचे, भज्जी-भाकरीचा नैवेद्य दाखवायचा आणि ताकात ज्वारीचं पीठ घालून आंबवलेलं आंबील पिकात शिंपडायचं. हे आंबील ज्या मातीच्या मडक्यातून नेतात ती बिंदगी, काव आणि चुन्याचे पट्टे ओढून सजवलेली. हे सगळीकडचं झालं. सोनजवळग्याचं त्यावर एक होतं. तिथं गावाची पहिली बिंदगी रामलिंगाच्या देवळाच्या रानात जायची. मानकरी ती डोक्यावर घेऊन पुढं, सगळं गाव मागं. त्यानं देवाच्या रानात आंबील शिंपडल्याशिवाय कुणी आपापल्या शेतात घास मोडायचा नाही. हा मान उज्वलाच्या सासऱ्यांच्या, अण्णारावांच्या घराण्याचा. देवाचं ते रान कसायचंही त्याच घराण्यानं.

"मालक जाऊन सा वर्सं झाली," उज्वला म्हणाली. तिचा नवरा आदिनाथ काविळीनं गेला होता. "तवापासून ते रान मीच करलाले. पेरते मी, खुरपते मी, खोप बी मीच बांधते. बिंदगी मामंजी न्यायचे. आवंदा त्यांचा खुबा मोडला, वॉकरशिवाय दोन पावलं न्हाईत. मी म्हणलं, मी नेते. तर गाव म्हणतंय, त्या कागदातल्या फैसल्यात बसत न्हाई. बिंदगी नागप्पाच्या घरात जाणार."

नागप्पा म्हणजे भावकीतला, अण्णारावांचा लांबचा चुलतभाऊ.

"आणि फैसल्यात लिहिलंय काय?"

"म्हणतात, पुरुषानंच न्यावी. त्यात बी ज्याची बायको जित्ती हाय त्यानंच. विधवेनं सात पावलं लांब ऱ्हावं."

"वाचलाय कुणी?"

उज्वला पहिल्यांदा हसली. "वाचता आला आसता तर तुमच्या दारात कामून आले आसते? मामा, मला मानबिन नगं. सा वर्सं माग निघायच्या टायमाला मला म्हणतात, तू जरा मागं थांब. रान माजं, अन् मीच मागं. एवढं एक डाव पुढनं चालायचंय."

रेणुकादासला त्या रात्री झोप लागली नाही, आनंदानं. ज्या कागदाची पूजा होते आणि जो कुणी वाचलेला नाही, असा कागद एकतीस वर्षांत त्याच्या हाताखालून गेला नव्हता.

तिसऱ्या दिवशी सकाळच्या एसटीनं तो सोनजवळग्याला उतरला. फाट्यावरच चार माणसं उभी. "या साहेब," म्हणून कुणी तरी हातातली पिशवी घेतली. रेणुकादासनं मागं वळून पाहिलं, साहेब कोण आला म्हणून. मागं फक्त एसटीचा धूर होता.

अण्णारावांच्या घरी चहा झाला. अण्णाराव बाजेवर, शेजारी वॉकर, मिशा मात्र अजून ताठ. लोक देवळाकडे पुढं गेले तसं त्यांनी रेणुकादासला जवळ बोलावलं आणि दाराकडे बघत आवाज खाली आणला.

"साहेब, एक बोलू का? राग नगा मानू."

"बोला की अण्णा."

"ह्या गावात उर्दू येणारं एक माणूस न्हाई. तुमी वाचताल तेच खरं. तवा आत काय बी आसू द्या. सून चालती, एवढी एक वळ तुमच्याकडनं वाचून टाका. एकच वळ. देवाला काय कळलालंय?"

रेणुकादासच्या अंगावर काटा आला. भीतीनं नव्हे. शिपायाच्या हातात गावाचा कायदा आला होता, वितभर जिभेवर. एक ओळ बोलायची, आणि ती पोर पुढं चालली असती. पाप तरी कसलं त्यात? पण लगेच त्याला ख्वाजामियाँ आठवला. एकदा रेणुकादासनं ओळखीच्या माणसाच्या भल्यासाठी एक शब्द गाळून वाचला होता, तेव्हा म्हाताऱ्यानं कागद हातातून काढून घेतला होता. "जो लिखा है सोइच पढना, मियाँ. कागज मुका हाय म्हणून त्याच्या तोंडात आपली जबान घालायची न्हाई." त्यानंतर आठवडाभर धडे बंद.

"अण्णा," रेणुकादास म्हणाला, "मला तसं जमायचं न्हाई. पण तुम्ही चला. काय निघतंय ते बघायची मलाच लई घाई झालीय."

अण्णारावांनी निःश्वास टाकला आणि वॉकर ओढला.

देवळाच्या मंडपात गाव गोळा झालं होतं. पुढं नागप्पा, पासष्टीचा, धिप्पाड, पांढरा फेटा बांधून, जणू बिंदगी आजच न्यायची आहे. त्याच्याशेजारी त्याची चुलती केवळाबाई, नव्वदीची, दात एकही नाही आणि जिभेला हाडही नाही. उज्वला खांबापाशी, बायकांच्या मागं.

कागद ठेवलेली पितळी नळी आली. तिला हार घातलेला, वर नारळ. अण्णारावांनी टोपण काढलं आणि आतून गुंडाळी बाहेर काढली. लोकांनी हात जोडले. रेणुकादासनंही जोडले, सवयीनं, आणि मग कागद उलगडला.

लाल-पिवळा चिखल! हळद-कुंकवाचा थरावर थर. त्यानं खिशातून रंगकामाचा जुना, मऊ ब्रश काढला, कचेरीतून निवृत्त होताना आणलेली तेवढी एकच वस्तू, आणि हलक्या हातानं झाडायला लागला. कुंकवाखालून एक गोल शिक्का वर आला. मग एक ओळ. मग दुसरी. शाई पक्की होती. तो मनातल्या मनात वाचत गेला. अर्ध्यावर आला, थांबला, चष्मा काढून पुसला, पुन्हा पहिल्यापासून वाचलं.

आणि खो खो हसत सुटला.

"काय हसलालाव, साहेब?" नागप्पा चिडला. "देवाचा कागद हाय त्यो!"

"नागप्पा, आधी सांगा, तुमच्या आज्याला बैलांचा नाद होता का?"

"व्हता की. पंचक्रोशीत तसली जोडी नव्हती कुणाची. कामून?"

"ऐका मग. सन तेराशे बेचाळीस फसली." रेणुकादासनं बोटांवर हिशेब केला. "त्यात पाचशे नव्वद मिळवले की आपलं एकोणीसशे बत्तीस. तालुक्याची अदालत. झगडा बिंदगीचा. एक फरीक, म्हणजे पक्षकार, अण्णारावांचे आजोबा, ते हजर. दुसरा फरीक नागप्पाचे आजोबा, ते गैरहजर. त्यांच्या भावानं अदालतीला खबर दिली, की ते हाळीच्या बाजाराला बैल घ्यायला गेलेत."

देऊळ हसण्यानं हादरलं. नागप्पाचा फेटा डुलायला लागला.

"बैलापायी मान घालवला का रं तुमच्या आज्यानं!" कुणी तरी ओरडलं.

"थांबा, घालवला न्हाई!" रेणुकादासचा आवाज चढला. त्याला आता बसवेना, तो उभा राहिला. "कुणीच काही घालवलं न्हाई अन् कुणीच काही कमावलं न्हाई! पुढचं ऐका. मुन्सफ लिहितो, की येळवस तोंडावर आलीय, म्हणून यंदाच्या येळवशीपुरती बिंदगी हजर असलेल्या फरिकानं न्यावी. यंदाच्यापुरती! आणि पुढची तारीख, इस्फंदार महिन्याची बारा. त्या दिवशी दोघांनी गावातली पाच जाणती माणसं घेऊन यावं. गावाची वहिवाट काय आहे ते त्यांच्या तोंडून ऐकून मगच फैसला होईल. खाली दस्तखत. संपला कागद."

"संपला?" अण्णाराव म्हणाले.

"संपला."

"अन् बाईमाणसाचं? सात पावलांचं?"

"एक अक्षर न्हाई."

"सवाष्णीच्या नवऱ्याचं?"

"न्हाई. हा फैसलाच न्हाई, अण्णा. ही तारीख आहे. तुम्ही नव्वद वर्षांपूर्वीच्या एका तारखेची पूजा करून राहिलात!"

मग एकच गलका झाला. कुणी म्हणालं, कागद बदलला असेल. कुणी म्हणालं, उर्दूच जुनी आहे, नवीन माणसाला कळत नसेल. देवळाचा गुरव नळीकडे बघत राहिला, हार काढावा की राहू द्यावा. एका म्हाताऱ्यानं तर सांगितलं, की सात पावलांची ओळ आपण लहानपणी स्वतःच्या डोळ्यांनी पाहिली आहे. "तुला उर्दू येतंय का रं?" असं विचारल्यावर तो म्हणाला, "येत न्हाई, पण वळ पाहिली."

या सगळ्यात केवळाबाईचा बारीक आवाज आला. "ते कुकू कुणी लावलं ते मला इचारा की."

सगळे वळले.

"मी लगीन होऊन आले त्या सालची गोष्ट. ह्या अण्णाची माय अन् मी संगं भाकरी थापायचो. कागदाला वाळवी लागलालती. तर तिनं हळद चोळली. वाळवी पळती हळदीनं. फुडल्या दसऱ्याला तिच्या जावंनं पाहिलं, कागदाला हळद हाय. नुसती हळद बरी दिसत न्हाई म्हणून तिनं वर कुकू लावलं. त्याच्या फुडल्या साली कुणी नारळ फोडला. झाला देव!"

रेणुकादासनं आनंदानं मांडीवर थाप मारली. चपलांची गोष्ट त्याच्या ओठावर आली होती, पण त्यानं ती गिळली. आयुष्यात पहिल्यांदाच गिळली असेल. कारण नागप्पा पुढं आला होता.

"ठीक हाय," नागप्पा म्हणाला. "फैसला न्हाई ना? मंग मान कुणाचाच न्हाई. मंग आवंदा मी नेतो. इषय मिटला."

"कसा मिटला?" रेणुकादास म्हणाला. "तारीख आहे की तुमच्यावर. अदालत गेली, निजाम गेला, पण मुन्सफानं विचारलेलं अजून तसंच आहे. गावाची वहिवाट काय? त्यानं तुम्हाला विचारलं आणि तुम्ही उलट त्याच्या कागदाला विचारत बसलात. पाच जाणती माणसं इथंच आहेत. आज भरवा तारीख."

गावाला ते असं पटलं, की दोन मिनिटांत सतरंजी आली. पाच जण कोण, यावरच अर्धा तास गेला. शेवटी केवळाबाई, अण्णाराव, देवळाचा गुरव, एक निवृत्त गुरुजी आणि नागप्पा स्वतः. "मी फरीक हाय, मी कसा पंच?" असं नागप्पानं विचारलंच नाही. त्यानं फेटा नीट केला आणि मधोमध बसला. रेणुकादास सतरंजीच्या कडेला, वही घेऊन. लिहून घ्यायचं काम त्याचं. शिपाई ते पेशकार, एका सकाळीत बढती.

मग आठवणी निघाल्या. गुरव म्हणाला, पूर्वी बिंदगीवर घोंगडी पांघरायचे, आता शाल पांघरतात. गुरुजी म्हणाले, बिंदगी पुढं निघाली की मागून ओरडायचे ते कानडी-मराठी मिसळीचे बोल, त्यांचा अर्थ विचाराल तर दर घरी वेगळा निघतो, पण ओरडतात सगळेच. अण्णाराव म्हणाले, आपल्या बापाच्या काळी मानकरी अनवाणी चालायचा. त्यांनी स्वतः चपला घातल्या, कारण रस्त्यावर खडी टाकली. "अन् त्या साली कुणी बोललं न्हाई," ते म्हणाले. "फुडल्या साली म्हणाले, मानकऱ्यानं चपला घालायच्याच आसतात."

रेणुकादास लिहीत होता आणि लिहिता लिहिता पुटपुटत होता, "वा, वा." खांबापाशी उज्वला मात्र अजून उभीच होती. तिचं काही निघत नव्हतं. आठवणी शालीच्या, चपलांच्या, खडीच्या. बिंदगी कुणी न्यावी हे कुणाच्याच तोंडून येईना. रेणुकादासनं तिच्याकडे पाहिलं. खरं वाचून आपण तिचं नुकसान तर केलं नाही ना?

तेवढ्यात नागप्पानं घसा खाकरला.

"आता माजं ऐका. समद्यांना वाटतंय, बिंदगी कायम अण्णाच्याच घरात व्हती. खोटं हाय! लिवा साहेब. बहात्तरच्या दुष्काळात माज्या बापानं, धोंडप्पानं, बिंदगी न्हेली. ह्या केवळाकाकूच्या डोळ्यांदेखत. मान आमचा बी हाय!"

"न्हेली व्हती," केवळाबाई म्हणाली. "मी पाहिलंय. चांगला ताठ चालला व्हता."

गाव कुजबुजायला लागलं. अण्णारावांचा चेहरा उतरला. आपल्या घराण्याचा मान एक वर्ष बाहेर गेला होता, हे त्यांनी आजवर कुणाला सांगितलं नव्हतं.

रेणुकादासनं पेन थांबवलं. त्याला खोलीतला ख्वाजामियाँ आठवला, जो कुठल्याही कागदावर एकच प्रश्न विचारायचा. तो प्रश्न त्यानं विचारला.

"का नेली?"

"का म्हंजे?"

"अण्णारावांच्या वडलांनी का न्हाई नेली?"

"ते खडी फोडाय गेलते की! सडकंच्या कामावर. अर्धं गाव तिकडंच व्हतं."

"आणि तुमचे वडील?"

"माजा बाप गेला न्हाई कुटं!" नागप्पाची छाती फुगली. "समदं रान वाळून खडंग झालं, पर देवाच्या रानातली चार सऱ्या ज्वारी त्यानं जित्ती ठिवली. हिरीतनं घागरी उपसून, खांद्यावर न्हेऊन. चार महिने! खांद्याला घट्टे पडलते. मंग बिंदगी त्यो न्हेणार न्हाई तर कोण न्हेणार? जे देवाच्या रानात राबलं त्येनंच न्हेयाची! ह्येच्यात इचारायचं काय हाय?"

नागप्पा बोलून थांबला. रेणुकादासचं पेन कागदावर खरखरत होतं. त्यानं शेवटचं वाक्य अक्षर न अक्षर लिहून घेतलं आणि मोठ्यानं वाचून दाखवलं, सरळ, कमी-जास्त न करता.

"'जे देवाच्या रानात राबलं त्यानंच न्यायची. यात विचारायचं काय आहे?' जबानी नागप्पाची. बरोबर?"

एक-एक डोकं खांबाकडे वळत होतं. खांबापाशी राठ हातांची उज्वला उभी होती.

केवळाबाई आधी हसली, नुसत्या हिरड्यांनी. "नागू, तुज्या आज्यानं बैलापायी तारीख घालवली, अन् तू बापाच्या मोठेपणापायी मान घालवला की रं!"

"काकू, तू आपल्या घरची हायेस का त्यांच्या?"

"मी रामलिंगाच्या घरची हाय. सांग, ह्या सा वर्सांत देवाच्या रानात कोण राबलं? तुज्या बांधाला लागून रान हाय ते. तूच सांग."

नागप्पा फेट्याचं टोक बोटाला गुंडाळत बसला. हटवादी माणूस, पण खोटं बोलणारा नव्हे. "पहाटं मी रानात जायाच्या आधी ही तिथं आसती," तो शेवटी म्हणाला. "एवढं खरं हाय. पर ती..."

"पर काय?"

"पर काय न्हाई," नागप्पा म्हणाला. "माज्या बापाची बिंदगी खरी, तर हिची बी खरी. न्हाई म्हणलं तर बाप खोटा पडतोय. लिवा साहेब."

गुरुजी हो म्हणाले, गुरवानं मान हलवली. अण्णाराव नुसते वॉकरच्या दांड्यावर हात आपटत होते. उज्वला खांब धरून खाली बसली आणि पदर तोंडाला लावला. बायका तिच्याभोवती गोळा झाल्या.

कागदाचं काय करायचं, हा प्रश्न राहिला. पूजा बंद करायची का? केवळाबाईनं तोही निकाल दिला. "करा की पूजा. पर नुसती हळद. कुकू नगं, अक्षरं झाकतात." आणि रेणुकादासनं लिहिलेला नवा कागदही पाच जणांच्या सह्या-अंगठ्यांसह त्याच नळीत गेला. जाताना त्यानं अण्णारावांना बजावलं, "ह्याला मात्र वाचत चला हो. मराठीत आहे."

येळवशीला रेणुकादास चंद्रप्रभाला घेऊनच आला. सृष्टीही शिकवणीला दांडी मारून आली होती. थंडी कडक, ज्वारीवर दव, सूर्य नुकता वर आलेला. उज्वलानं हिरवं जुनेर नेसलं होतं, पायात चपला, डोक्यावर चुंबळ आणि तिच्यावर रामलिंगाची बिंदगी. अण्णारावांना ट्रॅक्टरच्या ट्रॉलीत खुर्चीवर बसवून आणलं होतं. सगळे थांबले. कुणी तरी मागून तो नेहमीचा पुकारा दिला, आणि उज्वलानं पाऊल उचललं.

ती पुढं, गाव मागं. मागं थांब असं आज कुणी म्हणालं नाही. पहिली शंभर पावलं ती मान खाली घालून चालली. मग हळूहळू तिची मान वर आली, आणि पुढं पुढं तर चाल अशी पडली की मागच्या म्हाताऱ्यांना धाप लागली.

नागप्पाच्या बांधापाशी वाट अरुंद होती. तिथं बाभळीची फांदी आडवी पडलेली, तिच्या काट्यात उज्वलाच्या जुनेराचा काठ अडकला. ती जागीच उभी राहिली. डोक्यावर भरलेली बिंदगी, वाकता येईना, दोन्ही हात वर. एक क्षण कुणाला काय करावं सुचेना. मग मागून नागप्पा आला. फेटा सांभाळत तो तिच्या पायाशी वाकला, काटा मोडला, काठ मोकळा केला आणि बाजूला झाला. उज्वला पुढं निघाली.

नागप्पाच्या मागं होती ती गुरवाची बायको. तिला काटा दिसला नव्हता. तिनं पाहिलं, बिंदगी तिथं थांबली आणि नागप्पा तिथं वाकला. ती पण त्या जागी वाकली, मातीला हात लावला आणि तो कपाळी नेला. तिच्या मागची बाई वाकली. तिच्या मागचे गुरुजी वाकले, चष्मा सावरत. एकामागून एक माणूस बांधापाशी येत होतं, वाकत होतं, पुढं जात होतं. रांग लांबपर्यंत तशीच, ज्वारीतून उठणाऱ्या-बसणाऱ्या लाटेसारखी.

रेणुकादास रांगेच्या शेवटी होता आणि त्यानं सगळं पाहिलं होतं. त्याच्या छातीत इतका आनंद दाटला की त्याला ओरडावंसं वाटलं. बांध जवळ आला. मोडलेला काटा तिथंच मातीत पडलेला होता.

चंद्रप्रभानं त्याची बाही ओढली. "इथं कुठला देव आहे हो?"

"आधी वाक," रेणुकादास म्हणाला आणि स्वतःही वाकला. "सांगतो मग."